बाबा, इथला पाट अजून वाहतोय

सान अँटोनिओ, टेक्सास
27 एप्रिल

ती. बाबा आणि ती. सौ. आईस,
साष्टांग नमस्कार.

मी खुशाल आहे. जेवण वेळेवर होतं, तब्येत चांगली आहे, वजनही थोडं भरलंय. फोनवर बाबांना नीट ऐकू येत नाही आणि निम्मा वेळ "हॅलो, हॅलो" करण्यातच जातो, म्हणून या महिन्याचं पत्र जरा लांब लिहितेय. धाकट्याला सांगा, जेवणं झाल्यावर सावकाश वाचून दाखव म्हणावं. मधली पानं गाळायची नाहीत.

आधी मी चर्चसमोर काढलेल्या त्या फोटोचं. आई, मावशीनं तुला फोन करून "पोरगी चर्चला जायला लागली का?" असं विचारलं आणि पुढचे दोन दिवस तू माझ्याशी तुटक बोललीस. आई, मला कुणी बोलावलं नाही आणि मी बाटलेही नाही. ते सान होजे नावाचं जुनं मिशन आहे, सरकारी उद्यानात येतं. आपल्याकडे नाना फडणविसांचा वाडा बघायला पुण्या-मुंबईची माणसं येतात, तसं इथं लोक ते बघायला येतात. तिकीटसुद्धा नाही. डोक्यावर ओढणी घेतली होती ती उन्हासाठी. लॅबमधल्या बाई आणि त्यांची दोन मुलं बरोबर होती, गाडी त्यांनीच चालवली. बंदुकांच्या बातम्या तुम्ही बघता त्या खोट्या नाहीत, पण त्या माझ्या दारात रोज घडत नाहीत. मी रात्री उशिरा बाहेर पडत नाही. कामाची जागा आणि घर यांत दहा मिनिटांचं अंतर आहे. उगीच रात्रभर जागू नकोस.

आता ते काय होतं ते सांगते. मिशन म्हणजे नुसतं चर्च नव्हे. चारी बाजूंनी दगडी तट, तटाला आतून लागून ओळीनं खोल्या, मध्ये मोठं पटांगण, एका अंगाला चर्च, दुसरीकडे धान्याचं कोठार. गढी म्हटलं की बाबांना लगेच डोळ्यांसमोर येईल. अशी पाच मिशन इथं एकाच नदीच्या काठानं आहेत. पहिलं 1718 सालचं, त्यालाच पुढं आलामो म्हणायला लागले. 1836 साली तिथं मोठी लढाई झाली, त्यामुळे बहुतेक लोक तेवढंच बघून परत जातात. सान होजे 1720 सालचं. बाकीची तीन पूर्व टेक्सासातून उचलून 1731 साली इथं आणली. फ्रान्सिस्कन साधूंनी स्पेनच्या राजासाठी ही ठाणी वसवली. आलामो सोडून बाकी चारही चर्चमध्ये अजून मिस्सा, म्हणजे त्यांची प्रार्थना होते, लग्नं लागतात.

माहिती सांगायला एक वयस्क बाई होत्या. त्या म्हणाल्या, तटाच्या आत राहणारे बहुतेक लोक स्पॅनिश नव्हतेच. ती इथलीच माणसं, लहान लहान टोळ्यांची, शिकारीवर आणि निवडुंगाच्या बोंडांवर जगणारी, ऋतूप्रमाणे जागा बदलणारी. एका बाजूनं अपाचे टोळ्यांच्या घोडेस्वारांचे हल्ले, दुसऱ्या बाजूनं गोऱ्यांबरोबर आलेले रोग. आत आलं की खायला मिळायचं आणि तटाचा आडोसा मिळायचा. बदल्यात नाव, देव, कपडे, दिवसाचा क्रम सगळं बदलायचं. सान होजेत एकेकाळी 300हून अधिक माणसं होती. काही पळूनही जायची, मग त्यांना शोधून परत आणायचे. बाई हे सांगताना आवाज चढवत नव्हत्या, पण लपवतही नव्हत्या. त्यांचे स्वतःचे पूर्वज सान हुआन मिशनमधले.

1739 साली या मिशनमध्ये देवीची साथ आली आणि माणसं पटापट मेली. ते साल ऐकलं आणि मी एकदम जागी झाले. बाबा, 1739 म्हणजे चिमाजीअप्पांनी वसई घेतली ते साल! तेवढ्यात वरची घंटा झाली. इथं सगळा दिवसच घंटेवर चालायचा. प्रार्थनेला घंटा, कामाला घंटा, परत प्रार्थनेला घंटा. माझ्या डोळ्यांसमोर मात्र आपला मेणवलीचा घाट आला. आपली घंटा वसईच्या चर्चमधलीच ना, तिच्यावर 1707 साल आहे आणि बाळाला घेतलेली मेरी आहे. आई, मी चार-पाच वर्षांची असताना तूच मला उचलून त्या मेरीला नमस्कार करायला लावायचीस. "आईच आहे ती, कुणाची का असेना," म्हणायचीस. मावशीला हे सांग.

मग एका मुलीनं त्या बाईंना विचारलं, तुमच्या पणजीच्या भाषेतलं काहीतरी बोलून दाखवा. बाई थोडा वेळ गप्प राहिल्या. म्हणाल्या, माझ्या घरात ती कुणाच्याच तोंडी उरली नाही. त्या भाषेबद्दल आज जे काही कळतं, ते मुख्यतः एका पुस्तकातून. बार्तोलोमे गार्सिया नावाच्या साधूनं ते लिहिलं, 1760 साली मेक्सिकोत छापलं गेलं. तेही कशासाठी, तर पाद्र्यांना लोकांकडून पापांचा कबुलीजबाब घेता यावा म्हणून. म्हणजे एका सबंध भाषेतून आपल्यापर्यंत आलं ते हे, पाद्र्यानं विचारायचे प्रश्न. अंगाईगीत नाही, भांडण नाही, बाजारातली घासाघीस नाही. मला शाळेत वाचलेले फादर स्टीफन्स आठवले. त्यांचं ख्रिस्ताचं पुराण 1616 साली गोव्याकडे छापलं गेलं, ते आपल्या ओवीत, मराठीत. तेही धर्म सांगायलाच आले होते. पण मराठी बोलणारी माणसं मागं जिवंत उरली, घरोघरी बोलत राहिली. इथं माणसंच गेली, आणि जी राहिली ती स्पॅनिश बोलायला लागली.

त्या रात्री मी आजीची जात्यावरची ती मोठी ओवी आठवत बसले. चार ओळी आल्या, पुढं अडले. आई, पुढच्या रविवारी फोनवर ती सबंध म्हण. मी उतरवून घेईन.

आता बाबांसाठी. सगळ्यात शेवटी आम्ही त्या पाचांतल्या एस्पादा मिशनला गेलो. चर्च लहानसं आहे, वर तीन घंटा. पण मला खिळवून ठेवलं ते पाटानं. इथं पाटाला असेकिया म्हणतात. नदीवर दगडी बंधारा घातलाय, तिथून पाणी पाटात वळवलंय, आणि वाटेत एक ओढा आडवा आला तर ओढ्यावरून दगडी कमानींचा जलसेतू बांधून पाट पलीकडे नेलाय. तो 1740च्या दशकातला. बाबा, तो अजून वाहतोय! बंधारा तोच, उतार तोच, कुठंही पंप नाही. मी सेतूच्या कडेला बसून पाण्यात हात घातला. वरून पाणी जातंय, खालून ओढा जातोय, दोघांची गाठ पडत नाही.

माहिती सांगणाऱ्या त्या बाईंनी सांगितलं, पाटाखालच्या जमिनीचे तुकडे चिठ्ठ्या टाकून वाटायचे, त्याला सुएर्ते म्हणायचे, म्हणजे नशीब. पाण्याच्या पाळ्या ठरलेल्या. पाळी बघणारा माणूस तो मायोर्दोमो, म्हणजे आपला पाटकरीच की! मका, घेवडा, भोपळा, मिरची, कलिंगड, कापूस, सगळं याच पाण्यावर. सान होजेला त्याच पद्धतीच्या पाटावर 1790च्या दशकातली पाणचक्की आहे, आडव्या चाकाची, ती दुरुस्त करून दळण दळून दाखवतात. खोदकाम मात्र केलं तिथल्याच माणसांनी. ज्यांनी आयुष्यात कधी पेरलं नव्हतं, त्यांनी हे पाट खणले, आणि ते आजही शेत भिजवताहेत. त्यांची नावं तिथं कुठं दिसली नाहीत म्हणून मला फार वाईट वाटलं. मी तिथं बराच वेळ बसले होते, मुलं गाडीत जाऊन बसली तरी.

तिथं बसले असताना तुमच्याच आठवणीनं जीव कासावीस झाला. मार्चमध्ये रात्रीच्या पाळीला दारं धरताना तुम्ही बांधावरून घसरलात, ते मला आठ दिवसांनी कळलं. "तुला काळजी नको म्हणून सांगितलं नाही," असं आई म्हणाली. यापुढं असं करू नका. मी लांब आहे, परकी नाही. मी इथं बसून काय करणार, हे तुमचं खरं आहे, पण निदान मला कळू तरी द्या.

एक इथली गंमत मात्र सांगायलाच हवी, नाहीतर पुढचा फोटो बघून परत मावशीचा फोन येईल. या महिन्यात इथं फिएस्ता असते, 1891 पासून चालत आलेली शहराची मोठी जत्रा. त्या दिवसांत लोक एकमेकांच्या डोक्यावर अंडी फोडतात. थांब आई, पूर्ण वाच. अंडी रिकामी असतात. वर्षभर घरात आम्लेट करताना अंडं मधोमध फोडायचं नाही, वरच्या टोकाला चमच्यानं एवढंसं भोक पाडायचं, आतलं काढून घ्यायचं, टरफल साबणाच्या पाण्यानं धुऊन उपडं वाळत घालायचं. असे डझनच्या डझन जमवतात. मग रंगवतात, आत रंगीत कागदाचे बारीक तुकडे भरतात आणि भोकावर पातळ कागद डकवतात. याला कास्कारोन म्हणतात. पाठीमागून हळूच यायचं आणि डोक्यावर चुरडायचं, रागवायचं नाही, कारण ज्याच्या डोक्यावर फुटेल त्याचं भलं होतं असं मानतात. फोडणाऱ्याचं नाही, फोडून घेणाऱ्याचं! आजीबाईंच्या डोक्यावर नातवंडं फोडतात आणि आजीबाई हसतात. लॅबमधल्या बाईंच्या धाकट्यानं माझ्या डोक्यावर तीन फोडली. मी घरी येऊन दोनदा न्हाले, देवाजवळ गेले ते त्यानंतरच. तरी केसांतून चार दिवस कागद निघत होते. यंदा रंगपंचमीला बावधनचं बगाड चुकलं म्हणून मी इथं रडले होते, त्या दिवशी जरा बरं वाटलं.

आता मुद्द्याचं. सोमवारी साठ हजार पाठवतेय. त्यातले वीस फक्त रात्रीच्या पाळीला माणूस ठेवायला आहेत, ते बँकेत ठेवायचे नाहीत. मागच्या वेळचे तुम्ही तसेच ठेवलेत, हे धाकट्यानं मला सांगितलंय, त्याला रागावू नका. माझ्या शिक्षणाच्या कर्जाचे अकरा हप्ते उरलेत. मी काटकसर करते, पण पोटाला चिमटा घेत नाही, म्हणून "तुला पुरतात का?" हे दर वेळी विचारू नका.

दिवाळीला येणं होणार नाही. व्हिसाच्या शिक्क्याची तारीख मिळत नाही आणि त्याशिवाय बाहेर पडले तर परत येताना अडचण होईल. जानेवारीत नक्की येते, महिनाभर. आजीचं वर्षश्राद्ध तेव्हा होऊन गेलेलं असेल, ते मला माहीत आहे. त्या दिवशी मी इथं उपास धरीन आणि गाईच्या घासाऐवजी कुणाला तरी जेवू घालीन. तेवढं आजीला पोचेल ना?

कऱ्हाडच्या स्थळाबद्दल. मुलाशी मी दोनदा बोलले, सभ्य आहे. पण त्याला इकडं यायचं नाही आणि मला अजून दोन वर्षं तरी इथून हलता येणार नाही. हे मी त्यालाच सरळ सांगितलं, तुमच्यावर बोल येणार नाही. त्यांच्या घरी तुम्ही नकार कळवायला संकोच करू नका. आणि माझं व्हायचंय म्हणून धाकट्याचं अडवून धरू नका, हे हात जोडून सांगते. ती मुलगी चांगली आहे, तिच्या घरचे किती दिवस थांबतील? लोक काय म्हणतील ते मी जानेवारीत आल्यावर त्यांच्यासमोर बसून ऐकून घेईन. मुहूर्त मी असेन त्या महिन्यातला काढा. करवलीचा मान मला हवा आहे.

बाबा, गुडघ्याला शेक चालू ठेवा. आई, तू गोळ्या चुकवू नकोस. आणि हळदीला सांगलीत काय भाव लागला ते कोणीच कळवलं नाही. कमी लागला असेल तरी कळवा.

तुमची लेक

ता. क. एस्पादाच्या पाटाचा फोटो धाकट्याच्या फोनवर पाठवलाय. बाबांना मोठा करून दाखव, सेतूच्या कडेला पाणी कसं वळवलंय ते त्यांना बघायचं असेल.