आधी बैल, मग इंद्रियं

नागपंचमी

प्रिय अव्या,

सप्रेम नमस्कार.

तुझं पत्र मिळालं. पोस्टमनने फाटकातूनच हाळी दिली, "गुरुजी, बँकेचं नाही, खरं पत्र आहे!" चार पानं, आणि अक्षर अजून तसंच, मुंग्यांची रांग. चष्मा पुसून दोनदा वाचलं.

तू दोन गोष्टी लिहिल्यास. नातीने विचारलं, "आजोबा, गणपतीचा एक दात तुटका का?" आणि तू परशुरामाची गोष्ट सांगून वेळ मारून नेलीस. दुसरी, आषाढीला ज्ञानेश्वरी वाचायला घेतलीस, जोडीला गूढार्थ उलगडून दाखवणारं कुठलंसं पुस्तक, आणि तीन आठवड्यांत वैतागलास. पांडव म्हणजे पंचेंद्रियं, कौरव म्हणजे शंभर विकार, रथ म्हणजे देह. "हे वाचन आहे की शब्दकोडं?" असं विचारतोस.

मला हसू आलं, कारण असलं कोडं मी स्वतः वर्षभर तयार करत बसलो होतो. निवृत्त झाल्यावर दोनशे पानी वही घेतली, प्रत्येक पानावर मधोमध रेघ मारली. डावीकडे वस्तू, उजवीकडे तिचा अर्थ. शाळेत समानार्थी शब्द लिहून घ्यायचो ना, तसंच. वही भरत आली तशी मान ताठ होत गेली. दर गुरुवारी संध्याकाळी मारुतीच्या देवळात आमचं वाचन असतं, तिथे मी ती वही मांडीवर घेऊनच बसायचो.

ज्ञानेश्वरीचा तेरावा अध्याय चालू होता. शरीराला क्षेत्र म्हणतात, म्हणजे शेत, आणि हे शेत नेमकं कोणाचं यावर ज्ञानदेव एकेका मताचं म्हणणं मांडतात. पहिलं मत असं की हे जीवाच्या मालकीचं, आणि प्राण हे त्याचं कूळ. कुळाच्या घरी चार भाऊ राबतात, म्हणजे अपान, व्यान वगैरे, आणि मन वहिवाट बघतं. त्याच्याकडे इंद्रियांचे बैल आहेत. त्या बैलांबद्दल म्हटलंय, "न म्हणे अंवसीं पाहाटीं". मी वहीत पाहून सांगितलं, "म्हणजे रात्रंदिवस, सतत." आणि पुढे सरकलो.

आप्पा कोपऱ्यात खांबाला टेकून बसले होते. चौथी शिकलेले, वय ऐंशीच्या पुढे. म्हणाले, "थांबा गुरुजी. अवशीला बैल जुंपत नाय कुणी. त्यो त्याच्या सुट्टीचा दिस. आन् पहाटं त्यो बसून रवंथ करीत असतो. ह्यो कुळवाडी दोन्ही टायमाला जुंपतो म्हंजी बैल मरायला टेकल्याला असणार."

तू शहरात गेलास, पण आपल्या लहानपणी अवशीला, म्हणजे अमावास्येला, दावणीला बसलेले बैल तूही बघितलेस. माझ्या वहीत "सतत" होतं. ओवीत थकलेला बैल होता. इंद्रियांना सुट्टी नाही, रवंथ करायलाही वेळ नाही. दिवसभर काहीबाही बघून डोळे चुरचुरतात आणि तरी हात मोबाइलकडे जातो, तेव्हा मला हल्ली तो बैल आठवतो. "सतत" या शब्दाने काहीच आठवलं नसतं.

पुढच्या ओवीत तर माझी पुरती शोभा झाली. "मग विधीची वाफ चुकवी । आणि अन्यायाचें बीज वाफवी." मी लिहिलं होतं, वाफ म्हणजे संधी. आप्पा म्हणाले, "वाफ म्हंजी वाफसा. दुसरं काय?" पाऊस पडून गेल्यावर जमीन ना चिखल ना कोरडी अशी होते, मूठभर माती दाबली तर गोळा होतो आणि सोडली तर फुटतो, तो वाफसा. एखाद-दोन दिवस टिकतो. तेवढ्यात पेरलं तर पेरलं. संधी काय, परवाही येईल. वाफसा गेला की पुढचा पाऊस पडेपर्यंत हात चोळत बसायचं. आणि ज्याने तो साधला, त्याच्याबद्दल ज्ञानदेव म्हणतात, "जन्मशताचीं मापें । सुखचि मवी". खळ्यावर धान्य मोजतात तसं शंभर जन्म सुख मोजत बसतो. आप्पांनी हाताने माप ओतल्याची खूण केली आणि देवळातले सगळे हसले.

तर अव्या, माझं म्हणणं एवढंच आहे की रूपक म्हणजे शेंग नव्हे, दाणा काढला की बाहेरचं टरफल फेकून द्यायला. बैल आधी बैल म्हणून दिसला पाहिजे, घामेजलेला, माश्या वारणारा. मग तो इंद्रिय होतो, आणि झाल्यावरही बैल राहतोच. तुझ्या त्या पुस्तकाने बैल सोडून दिले आणि नुसती दावण तुझ्या हातात ठेवली.

आता नातीचा दात. त्याचं उत्तर तुझ्याकडच्या पोथीत पहिल्याच पानावर आहे, तू घाईत ओलांडून गेलास. गीतेचा पहिला श्लोक यायच्या आधी ज्ञानदेव ऐंशीच्या वर ओव्या खर्च करतात, आणि त्यांतल्या पहिल्या वीस गणपतीच्या आहेत. हा गणपती शाडूचा नाही, शब्दांचा आहे. वेद ही मूर्ती, स्मृती हे अवयव, अठरा पुराणं हे अंगावरचे दागिने, काव्यनाटकं म्हणजे कमरेच्या रुणझुणत्या घागऱ्या. वेदांत हा हातातला मोदक. दोन्ही मीमांसा हे दोन कान. ॐकारातला अकार म्हणजे पाय, उकार म्हणजे मोठं पोट, मकार म्हणजे मस्तक.

मीही आधी ही यादी म्हणूनच वाचली होती. वहीत तीन पानं भरली. मग एकदा सावकाश, बोट ठेवून वाचली तेव्हा हातांपाशी अडकलो. सहा दर्शनं, म्हणजे तत्त्वज्ञानाच्या सहा शाखा, हे सहा हात, आणि "म्हणौनि विसंवादें धरिती । आयुधें हातीं". दर्शनांचं एकमेकांशी पटत नाही, म्हणून प्रत्येक हातात वेगळं काही. तर्काचा परशू, न्यायाचा अंकुश. भांडण चालू आहे, पण हात एकाच अंगाला फुटलेले! आणि एका हातात तो तुटका दात, "जो स्वभावता खंडितु". तो वार्तिककारांनी खोडून काढलेल्या बौद्ध मताची खूण. इथे काही कीर्तनकार गोडगोड अर्थ लावतात, की बघा, विरोधकालाही देवाने हातात धरलं. मला ते पटत नाही. मीमांसेवर वार्तिक लिहिणाऱ्या कुमारिल भट्टाच्या परंपरेने बौद्धांशी जो वाद घातला त्याचा तो उघड निर्देश आहे, चिमटाच आहे, आणि चिमट्याला चिमटाच म्हणावं. पण त्यापुढे दोनच ओव्या सोडून दुसरा दात येतो, अखंड, पांढराशुभ्र, आणि त्याचं नाव "संवादु". एक दात वादाचा, मोडलेला. एक संवादाचा, शाबूत. हे सातशे वर्षांपूर्वी विशीच्या आतल्या मुलाने लिहिलंय, आणि आपण त्या वयात कँटीनच्या बिलावरून भांडत होतो.

परशुरामाची गोष्ट खोटी नाही, तीही सांग. पण ही पण सांग. लहान मुलांना दोन उत्तरांचा त्रास होत नाही, तो आपल्याला होतो.

भारूडांचं तर विचारूच नकोस. तुला आठवतं, पाचवीत असताना मला इंगळी चावली होती? सरपणाच्या ढिगात हात घातला आणि असा डंख बसला की खांद्यापर्यंत आग. आजीने अंगारा लावला, कोणीतरी मंत्र टाकला, शेवटी सरकारी दवाखान्यात नेलं. रात्री उतरलं, पण दोन दिवस बोटात काहीतरी ठणकत राहिलं. एकनाथांच्या विंचवाच्या भारुडात शेवटी येतं, "किंचित राहिली फुणफुण". काम-क्रोधाचा विंचू चावला, सत्त्वाचा उतारा दिला, तमोगुण सरला, तरी थोडी फुणफुण उरली. ज्याला विंचू चावलाय त्यालाच सुचेल असा शब्द! राग उतरल्यावरही दोन दिवस आत काय चालतं ते याहून नेमकं सांगणारं मला कुठे सापडलेलं नाही. वहीत "फुणफुण = अवशिष्ट वासना" असं लिहिलंय, बघ. वाचवत नाही.

रोडग्याचं भारूड मात्र मला आमच्या वाचनाला येणाऱ्या एका बाईंनी शिकवलं. एक सून भवानीला रोडगा कबूल करते, सासूला निर्दाळ, जावेला बोडकी कर, नणदेच्या पोराला खरूज होऊ दे. मी सांगत होतो, सासू म्हणजे माया किंवा कल्पना, सासरा म्हणजे अहंकार, नवरा म्हणजे अविवेक. खरं तर हे अर्थ कीर्तनकारागणिक बदलतात, सासूच्या जागी दोन-तीन वेगवेगळी तत्त्वं मी स्वतः ऐकली आहेत. त्या बाई पदर सावरत म्हणाल्या, "माया असंल गुरुजी, पर आधी सासू ती सासूच." बायका अशा हसल्या की मारुतीसुद्धा हसला असेल. आणि त्याच हसण्याच्या भरात शेवटची ओळ येते, सगळंच जाऊ दे आणि "एकलीच राहूं दे मला". तिथे बायका गप्प झाल्या. एकली म्हणजे अद्वैत, हे मी सांगायच्या आधीच काहीतरी पोचलं होतं. ज्या बाईला सबंध दिवसात घटकाभर एकटं बसायला मिळत नाही, तिला ती ओळ माझ्यापेक्षा जास्त कळली असणार.

तुझा पांडव-कौरवांचा मुद्दा राहिला. कुरुक्षेत्र हे मनातलं युद्ध आहे, असं गांधीजींना १८८८-८९ साली गीता पहिल्यांदा वाचतानाच वाटलं होतं. टिळकांनी मंडालेच्या तुरुंगात बसून तीच गीता उघड्या कर्माचा उपदेश म्हणून वाचली. विनोबा १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात दर रविवारी एकेक अध्याय बोलले आणि साने गुरुजींनी तो उतरवून घेतला. एकच पुस्तक, आणि वाचणारे सगळे मातब्बर. मी कोणाला नापास करणार? पण एक खटकतं. सगळे कौरव विकार ठरले की अर्जुनाचा प्रश्नच विरघळतो. विकार मारायला कोण कचरेल? समोर काका, मामा, गुरुजी उभे आहेत म्हणून तर धनुष्य गळालं. ज्ञानदेव तिथे काय करतात बघ. भुंगा वाटेल तसलं कोरडं लाकूड लीलया पोखरतो, पण कोवळ्या कळीत मिटला की अडकतो. जीव जाईल, पण पाकळी चिरायचं त्याला सुचत नाही. स्नेह असा कोवळेपणाने कठीण असतो, म्हणतात. अर्जुनाला त्यांनी तत्त्व केलं नाही, भुंगा केलं, आणि तो आणखीच माणूस झाला.

टीकेबद्दलही तू कुरकुरलास, की मूळ सातशे श्लोक आणि त्यावर नऊ हजार ओव्या कशाला. अरे, ज्ञानदेव शेवटी स्वतः सांगतात की मी व्यासांचा माग काढत, "भाष्यकारातें वाट पुसतु" आलो. वाट विचारत जाणारा माणूस चार ठिकाणी थांबतो, पाणी पितो, गप्पा मारतो. लांबणारच. पुढे शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, नाथांनी ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली. स्वतः एवढा मोठा कवी, पण आपली ओवी त्यात घातली नाही, आणि इतरांनाही बजावलं की जो घालेल त्याने अमृताच्या ताटात नरोटी ठेवली असं समजा. नरोटी म्हणजे करवंटी. माझी वही ही तसलीच करवंटी होती, फक्त सुबक अक्षरातली.

दिवाळीनंतर ये. नेवासा आपल्याला लांब नाही. शके १२१२ मध्ये ज्या खांबाला टेकून ज्ञानदेवांनी गीता सांगितली असं म्हणतात, तो पैसाचा खांब तिथे देवळात उभा आहे. त्यावर लेख कोरलाय. मला वाटायचं, काहीतरी गहन असेल. निघालं काय, तर करवीरेश्वराच्या दिव्याला तेल मिळावं म्हणून दिलेल्या दानाची नोंद. नातीलाही घेऊन ये. दाताचं सांगितल्यावर तिने पुढे काय विचारलं ते मात्र आधी कळव, मला तयारी करावी लागेल.

वहिनींना नमस्कार. गुडघ्याला तेल चोळतोस ना?

तुझा,
दत्ता

ता. क. या गुरुवारी वाचन नाही. तीन दिवसांची झड काल उघडली, आप्पा सकाळपासून माती मुठीत दाबून बघतायत. म्हणाले, कोळपायला वाफसा आलाय, ज्ञानदेवाला सांगा थांबायला.