लिटल गिडिंगचे रहिवासी कोण?

प्रति,
मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवार पुरवणीत इंग्लंडमधल्या लहान वाड्या-वस्त्यांवर आलेला लेख आवडीने वाचला. त्यात लिटल गिडिंगच्या वाट्याला जेमतेम एक परिच्छेद आला आहे. टी. एस. एलियटने या नावाची कविता लिहिली, राजा पहिला चार्ल्स इथे येऊन गेला आणि कवी जॉर्ज हर्बर्टचा या जागेशी संबंध होता, एवढंच त्यात आहे. तिन्ही गोष्टी खऱ्या आहेत. पण चौकटीचं शीर्षक ‘उल्लेखनीय रहिवासी’ असं आहे आणि या तिघांपैकी एकही जण तिथला रहिवासी नव्हता! एलियट १९३६च्या मे महिन्यात पाहुणा म्हणून आला आणि परत गेला. राजाही पाहुणाच. हर्बर्टने तर तिथे बिऱ्हाड केलंच नाही. मग राहत कोण होतं? मी आयुष्यभर ग्रंथालयात नोकरी केली आहे, त्यामुळे तिथे राहणाऱ्या माणसांबद्दल, विशेषतः बायकांबद्दल, मला जरा जास्तच आपुलकी आहे.

लिटल गिडिंग पूर्वीच्या हंटिंग्डनशायरमध्ये, म्हणजे आताच्या केंब्रिजशायरमध्ये आहे. शेजारी ग्रेट गिडिंग आणि स्टीपल गिडिंग. मध्ययुगात इथे नांदतं गाव होतं. पुढे ते ओस पडलं, शेतांची मेंढ्यांसाठी कुरणं झाली, आणि सतराव्या शतकात उरला तो एक मोडकळीला आलेला वाडा आणि मेंढपाळांचा निवारा. चर्चमध्ये गवताच्या गंज्या रचलेल्या आणि एका भागात डुकरं. १६२५च्या सुमारास मेरी फेरर या विधवा बाईंनी ही मालमत्ता विकत घेतली. लंडनमध्ये त्या वेळी प्लेगने थैमान घातलं होतं. सत्तरीच्या या आजीबाई इथे आल्या तेव्हा आधी चर्च साफ करायला लावलं आणि मगच घराकडे पाहिलं, अशी हकीकत चरित्रांमध्ये सांगतात.

फेरर कुटुंब वैराग्य घेऊन जन्मलेलं नव्हतं. ही लंडनची बडी व्यापारी मंडळी. अमेरिकेत वसाहत वसवणाऱ्या व्हर्जिनिया कंपनीचा कारभार आधी थोरला मुलगा जॉन आणि मग धाकटा निकोलस पाहत होता. निकोलस केंब्रिजला शिकलेला, युरोप फिरलेला, पादुआला वैद्यकशास्त्राचा अभ्यास केलेला. १६२४मध्ये तो पार्लमेंटचा सदस्य होता आणि त्याच वर्षी कंपनीची सनद रद्द झाली. गिडिंगच्या भक्तीची पुस्तकं या पैशाबद्दल फार बोलत नाहीत, पण आपण बोलायला हवं. तो दुसऱ्यांच्या जमिनीवर वसलेल्या वसाहतीच्या व्यवहारातून आलेला होता. तिथल्या मूळ रहिवाशांच्या मुलांना ख्रिस्ती शिक्षण मिळावं म्हणून निकोलसच्या वडिलांनी मृत्युपत्रात ३०० पौंड ठेवले होते, हेही नोंदवते. त्या मुलांना ते हवं होतं का, हे अर्थातच कोणी विचारलं नाही.

१६२६मध्ये निकोलसने बिशप लॉडकडून डीकनपदाची, म्हणजे पाद्रीच्या खालच्या पायरीची, दीक्षा घेतली. पाद्री मात्र तो कधीच झाला नाही. आई, भाऊ जॉन, बहीण सुझाना कॉलेट, तिचा नवरा, त्यांची भरपूर मुलं, गडीमाणसं असे तीस-चाळीस जण या ओसाड जागी एका छपराखाली राहू लागले. सगळे खुशीने आले होते असंही नाही. जॉनची बायको बथशेबा हिला हे जगणं मुळीच मानवलं नाही. लंडन सोडून रानात येऊन दिवसभर प्रार्थना करायच्या, यावरून तिच्या कुरबुरी आणि भांडणं चालूच असत. भक्त मंडळींच्या लेखनात ती खलनायिका ठरली आहे. मला ती घरातली सर्वांत समजण्यासारखी व्यक्ती वाटते.

दिनक्रम खरोखर कडक होता. दर तासाला आळीपाळीने थोडी प्रार्थना, थोडी स्तोत्रं, आणि चोवीस तासांत बायबलमधली सगळी १५० स्तोत्रं म्हणून व्हायची. रात्री नऊ ते एक दोघादोघांची जागरणाची पाळी. आपल्याकडे अखंड हरिनाम सप्ताहात वीणेचा पहारा असतो ना, तसंच. फक्त सात दिवसांनी काल्याचं कीर्तन होऊन ते संपत नसे. मधल्या वेळात शिवणटिपण, दवाखाना, गरीब विधवांसाठी निवारा. आजूबाजूच्या खेड्यांतल्या जखमी, आजारी माणसांची मलमपट्टी घरातल्या मुली करत. वाड्यात कबुतरखाना होता. आपली कबुतरं शेजाऱ्यांचं धान्य खातील म्हणून निकोलसने तो रिकामा करून तिथे शाळा भरवली. गावातल्या मुलांनी एक स्तोत्र पाठ म्हणून दाखवलं की एक पेनी आणि रविवारचं जेवण. पेनीच्या आशेने का होईना, मुलं येत.

आता ज्याच्यासाठी हे पत्र लिहायला घेतलं त्याकडे येते. येशूची कथा मॅथ्यू, मार्क, लूक आणि जॉन अशा चौघांनी सांगितली आहे आणि चौघांचा क्रम वेगळा, तपशील वेगळे. दर तासाच्या प्रार्थनेत थोडं थोडं वाचून महिन्याभरात सगळी कथा एकदा पुरी व्हावी, अशी निकोलसची इच्छा. त्यासाठी चार शुभवर्तमानांची एकच सलग कथा हवी. काम केलं कॉलेट घराण्यातल्या त्याच्या भाच्यांनी. छापील बायबलं घ्यायची, वाक्यं, कधी कधी तर एकेक शब्द कात्रीने सोडवायचा, चौघांचं सांगणं जुळवत मोठ्या कागदांवर चिकटवायचं. सोबत फ्लेमिश चित्रकारांची छापील चित्रंही कापून प्रसंगाशेजारी बसवायची. मग पानं दाबयंत्राखाली अशी सपाट करायची की जोड दिसू नये आणि पान जणू तसंच छापलं गेलं आहे असं वाटावं. केंब्रिजच्या एका बांधणीकाराच्या मुलीला घरी आणून त्या बांधणी शिकल्या. शिवण, पुठ्ठा, चामडं, सोनेरी नक्षी, सगळं घरात. ग्रंथपाल म्हणून छापील पुस्तकाला कात्री लागलेली पाहिली की माझ्या अंगावर काटा येतो. या पानांची छायाचित्रं पाहिल्यावर मात्र मी हात टेकले. चारही लेखकांची वाक्यं एकाच पानावर असूनही कोणतं कोणाचं, हे खुणेच्या अक्षरांवरून कळतं.

यातला पहिला ग्रंथ १६३०मध्ये तयार झाला. त्याची कीर्ती चार्ल्स राजाच्या कानावर गेली आणि १६३३मध्ये त्याने तो वाचायला मागून नेला. काही महिन्यांनी परत केला तेव्हा समासात राजाच्या हातच्या टिपा होत्या. आमच्या वाचनालयात असं कोणी केलं असतं तर दंड झाला असता. राजाने मात्र स्वतःसाठी एक प्रत मागितली आणि १६३५मध्ये ती त्याला मिळाली. पुढे जुन्या करारातल्या राजे आणि इतिहास या पुस्तकांचा असाच मेळ घालून दिला. यांतले काही ग्रंथ आज ब्रिटिश लायब्ररीत आहेत, १६३०चा पहिला ग्रंथ अमेरिकेत हार्वर्डला आहे. पुस्तकांवर नाव पडलं ते निकोलसचं.

हर्बर्टची गोष्टही अशीच. त्याला १६२६मध्ये लेटन ब्रॉम्सवोल्ड या गिडिंगजवळच्या चर्चचं उत्पन्न मिळालं. ते त्याने निकोलसला देऊ केलं. निकोलसने नकार दिला आणि त्यापेक्षा ते पडकं चर्च दुरुस्त कर असा सल्ला दिला. दुरुस्तीवर देखरेख जॉन फेररची. १६३३मध्ये हर्बर्ट वारला. जाण्यापूर्वी त्याने आपल्या कवितांचं हस्तलिखित निकोलसकडे पाठवलं होतं, योग्य वाटलं तर छाप, नाहीतर जाळ, असा निरोप देऊन. निकोलसने ते त्याच वर्षी केंब्रिजला छापून घेतलं. या कवितांची गिडिंगला उतरवलेली स्वच्छ प्रत ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयात आहे आणि तिच्यातलं अक्षर कॉलेट बहिणींचं असावं असं अभ्यासक मानतात. चौकटीत हर्बर्ट आला. ज्यांच्या हातून कविता कागदावर उतरल्या त्या बहिणी आल्या नाहीत.

कॉलेट बहिणींपैकी मेरी आणि अ‍ॅना या दोघींना लग्न करायचं नव्हतं. तशी रीतसर शपथ घ्यायची त्यांची इच्छा होती, पण लिंकनच्या बिशपने त्यांना परावृत्त केलं. तरी १६४१मध्ये लंडनमध्ये पत्रक निघालंच की गिडिंगला चोरून कॅथलिक पद्धतीचा मठ चालतो. त्याचं मूळ होतं १६३४मध्ये तिथे जाऊन आलेल्या एडवर्ड लेंटन नावाच्या गृहस्थाचं खासगी पत्र. लेंटनने पाहिलं तसं, बऱ्यापैकी समतोल लिहिलं होतं. पत्रककर्त्यांनी त्याला न विचारता त्याची मोडतोड केली. (माझ्या या पत्राला कात्री लावावी लागली तर संपादक महोदयांनी कॉलेट बहिणींसारखी लावावी, ही विनंती.) १६३१च्या सुमारास घरातल्या तरुण मुलींनी एक कथामंडळही सुरू केलं होतं. त्यात प्रत्येकीला टोपणनाव असे. मेरी ‘प्रमुख’, अ‍ॅना ‘सहनशील’, एक ‘आनंदी’. इतिहासातल्या कथा सांगून त्यावर चर्चा होई. सम्राट पाचव्या चार्ल्सने राज्य सोडून एकांतवास का पत्करला, असे विषय. त्याच्या वह्या टिकून आहेत.

निकोलस ४ डिसेंबर १६३७ रोजी वारला. त्याआधी त्याने आपल्याकडची नाटकं, प्रेमकथा असली पुस्तकं बाहेर काढायला लावून कबरीसाठी ठरवलेल्या जागी जाळायला लावली. धूर पाहून शेजारपाजारचे धावले आणि हा जादूगार मरणापूर्वी मंत्रतंत्राच्या पोथ्या जाळतोय अशी आवई उठली. पुस्तकं कापण्याबद्दल मी त्याला माफ केलं आहे, जाळण्याबद्दल नाही.

राजा १६४२मध्ये स्वतः आला, युवराजाला घेऊन, आणि आदल्या रात्री पत्त्यांत जिंकलेले पाच पौंड विधवांसाठी देऊन गेला. मे १६४६मध्ये पुन्हा आला तो पार्लमेंटविरुद्धच्या यादवी युद्धात हरत आलेला, ऑक्सफर्डहून वेष पालटून पळालेला, रात्रीचा. जॉन फेररने त्याला ओळखलं. या घराची झडती होणार हे ठाऊक असल्याने त्याने राजाला जवळच्या दुसऱ्या सुरक्षित घरी नेऊन लपवलं. एलियटच्या १९४२च्या कवितेत येतो तो राजा हाच.

आणि व्हर्जिनिया! जॉन आणि त्या कुरबुऱ्या बथशेबाची मुलगी, वसाहतीवरून नाव ठेवलेली. गिडिंगला तिने रेशमाचे किडे पाळले, त्यांना काय खाऊ घालावं, कसं वाढवावं याचे प्रयोग केले आणि व्हर्जिनियातल्या वसाहतवाल्यांनी तंबाखू सोडून रेशीम करावं म्हणून तिकडे पत्रं धाडली. १६५५मध्ये सॅम्युएल हार्टलिबने तिचे अनुभव लंडनमध्ये छापले. वसाहतीत रेशीम काही रुजलं नाही. १६५१मध्ये फेररांनी व्हर्जिनियाचा नकाशा काढला. त्याच्या नंतरच्या आवृत्त्यांवर तिचं नाव आहे. या नकाशात जेम्स नदीच्या उगमापलीकडे, डोंगर ओलांडून दहा दिवसांच्या वाटेवर चीन आणि हिंदुस्थानचा समुद्र दाखवला आहे. प्रत्यक्षात मध्ये अख्खा अमेरिका खंड आहे. पण हंटिंग्डनशायरच्या त्या ओसाड माळावरून आपला देश किती जवळ वाटत होता, हे पाहून गंमत वाटते. व्हर्जिनिया १६८८मध्ये वारली.

१६५७मध्ये जॉन आणि सुझाना दोघेही गेले आणि एकत्र राहणं संपलं. वाडा आता नाही. आजचं छोटं चर्च बरंचसं १७१४च्या बांधणीचं आहे. आत बाकं एकमेकांसमोर तोंड करून आहेत, दाराबाहेर निकोलसची साधी कबर. विसाव्या शतकात काही कुटुंबांनी तिथे पुन्हा एकत्र राहून पाहिलं, तेही १९९८मध्ये थांबलं.

लेखाची पुढची आवृत्ती संकेतस्थळावर येणार असेल तर चौकटीत एवढी दुरुस्ती व्हावी. उल्लेखनीय रहिवासी: मेरी फेरर, निकोलस फेरर, जॉन फेरर, सुझाना कॉलेट, मेरी कॉलेट, अ‍ॅना कॉलेट, व्हर्जिनिया फेरर. जागा उरली तर बथशेबाही. एलियट, हर्बर्ट आणि राजेसाहेबांसाठी ‘पाहुणे आणि स्नेही’ असं वेगळं शीर्षक करता येईल.

आपली,
एक निवृत्त ग्रंथपाल, सातारा