बारा मोटेच्या विहिरीवर माझ्या आईला बोलतं करणाऱ्या गुरुजींना

आदरणीय गुरुजी,

सप्रेम नमस्कार.

जानेवारीतल्या त्या रविवारी तुम्ही काढलेल्या सहलीत तुमच्यासोबत वाई, धोम, मेणवली, लिंब आणि माहुली फिरलेल्या नऊ जणांपैकी मी एक. गुडघ्याला पट्टा बांधून, हिरव्या लुगड्यात आलेली म्हातारी तुम्हाला नक्की आठवत असेल. मी तिची मुलगी. फोनवर तुमचे आभार मानायला गेले, तर तुम्ही "अहो, त्यात काय" म्हणून विषय बदललात. म्हणून हे लिहितेय, आणि चारचौघांनी वाचावं म्हणून उघड लिहितेय.

आई शहात्तर वर्षांची आहे. माहेर खटाव तालुक्यातलं, शिक्षण चौथीपर्यंत. गेली अकरा वर्षं ती पुण्यात माझ्याकडे राहते. दोन वर्षांपूर्वी एका मोठ्या सहलीला तिला नेलं होतं. पन्नास माणसांची बस होती आणि प्रत्येक ठिकाणी पंचवीस मिनिटं मिळायची. आई पायऱ्या उतरेपर्यंत परतीची शिट्टी व्हायची. तिसऱ्या ठिकाणापासून ती बसमधून उतरलीच नाही. तेव्हापासून कुठे जाऊ या म्हटलं की तिचं उत्तर ठरलेलं असायचं, "तुमी जावा. मला त्यातलं काय कळतंय?"

तुम्हाला पहिला फोन केला तेव्हा मी चाचरतच विचारलं होतं की गुडघे दुखणारं माणूस चालेल का. तुम्ही हो किंवा नाही म्हणाला नाहीत. मेणवलीच्या घाटावर किती पायऱ्या आहेत, त्यातल्या कुठपर्यंत उतरलं तरी पुरतं, लिंबच्या विहिरीत उतरताना कुठली बाजू धरायची, कुठे सावलीत बसता येतं, हे सगळं तुम्ही मला सांगितलंत. आणि म्हणालात, "नऊच माणसं आहेत. थांबू की." निघण्याच्या दिवशी टेम्पो ट्रॅव्हलरच्या मागच्या सीटवर घडीचं एक स्टूल दिसलं. ते कोणासाठी आणलंय हे तुम्ही दिवसभरात एकदाही बोलून दाखवलं नाहीत. आई जिथे थबकली तिथे ते स्टूल तिच्या मागे आलेलं असायचं.

खंबाटकी घाट ओलांडून सुरूर फाट्याला वळलो आणि ऊस, हळद दिसायला लागली, तेव्हा आई जरा सैल झाली. वाईत तुम्ही आम्हाला थेट ढोल्या गणपतीच्या समोर नेलं नाहीत. आधी मागच्या बाजूला नेलंत आणि भिंतीकडे बोट दाखवून विचारलंत, "ही अशी निमुळती का बांधली असेल?" सगळे गप्प होते. मग तुम्ही सांगितलंत की १७६२ साली गणपतराव रास्त्यांनी हे देऊळ कृष्णेच्या काठावर बांधलं, आणि पुराचं पाणी अंगावर न घेता दोन्हीकडे फाकावं म्हणून मागची भिंत माशासारखी केली. त्या दिवशी पुढे जिथे जिथे गेलो तिथे तुम्ही पाणी दाखवत राहिलात. धोमला पुष्करणीतला कासवाच्या पाठीवर बसलेला नंदी. कुंड भरलं की कासव त्याला घेऊन पोहत निघाल्यासारखं दिसतं, हे सांगताना तुमचा हात आपोआप हलत होता.

वाईतल्या मराठी विश्वकोशाच्या कार्यालयावरून जाताना तुम्ही गाडी हळू करायला लावलीत. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी याच गावात राहून मराठीत जगभराचं ज्ञान गोळा करत होते आणि पहिला खंड १९७६ मध्ये निघाला, असं तुम्ही म्हणालात. आईने मला हळूच विचारलं, "म्हंजी सगळं लिवून ठेवलंय व्हय?" मी हो म्हटलं. ती बराच वेळ खिडकीबाहेर बघत होती.

मेणवलीची घंटा मला फार आवडली. नाना फडणवीसांचा वाडा बघून घाटावर आलो. तुम्ही आईला वरच्या पायरीवर बसवलंत, तिला ऐकू येईल अशा बेताने खालून बोललात, आणि मग तिला हात धरून घंटेपाशी नेलंत. वसईची मोहीम, १७३९, चिमाजी अप्पा. फिरंग्यांच्या चर्चमधल्या घंटा मराठ्यांनी आणल्या आणि त्यांतल्या काही देवळांत बांधल्या गेल्या. भीमाशंकरला एक आहे, नाशिकला नारोशंकराच्या देवळात एक आहे, तशीच ही मेणवलीची. तिच्यावर १७०७ साल आहे आणि कडेवर बाळ घेतलेली एक बाई आहे. आईने विचारलं, "ही कुणाची आई?" तुम्ही म्हणालात, "येशूची. मेरी तिचं नाव." आईने तिलाही नमस्कार केला. शेजारचा एक तरुण हसला. तुम्ही हसला नाहीत. तुम्ही सांगितलंत की शंभर-दोनशे वर्षं इथल्या बायका नदीवर येता-जाता हेच करत आल्या असतील.

वाईच्या जेवणाबद्दल काही लिहीत नाही. पिठलं, भाकरी, ठेचा, आणि आईला दुपारची औषधं घ्यायला तुम्ही दिलेला वेळ, एवढंच.

आता लिंब.

साताऱ्याच्या अलीकडे हमरस्ता सोडून आपण त्या विहिरीवर पोहोचलो तेव्हा उन्हं कलायला लागली होती. वरून बघितलं की आकार कळतो. अष्टकोनी मोठी विहीर, तिला जोडलेली दुसरी, सगळं मिळून शिवलिंगासारखं. शिलालेखापाशी तुम्ही आपल्यातल्या सातवीतल्या मुलाला पुढे बोलावलंत आणि बेरीज करायला लावलीत. शके १६४१ मध्ये अठ्ठ्याहत्तर मिळव. १७१९. शके १६४६? १७२४. लोक शक हाच इसवी सन समजतात आणि ही विहीर शिवरायांच्या बालपणात नेऊन ठेवतात, पण ती शाहू महाराजांच्या काळातली, विरूबाई भोसल्यांनी बांधवलेली आहे, हे तुम्ही इतकं नीट सांगितलंत की तो मुलगा परतीच्या वाटेवरही पाट्यांवरचे आकडे मिळवत होता. खोली सुमारे एकशे दहा फूट, व्यास पन्नास, आत कोरीव खांबांचा महाल, आणि हे सगळं आमराईला पाणी देण्यासाठी.

मग तुम्ही वर काठाशी आलात, मोटांच्या, म्हणजे बैलांनी पाणी ओढायच्या कातडी पखालींच्या, जागा दाखवल्यात, आणि विचारलंत, "इथे कोणी चालती मोट पाहिलीय का?"

आमच्यात दोन इंजिनिअर होते, एक प्राध्यापक बाई होत्या, एक जण परदेशातून महिन्याभरासाठी आलेला होता. कोणीच बोललं नाही. आई स्टुलावर बसली होती. तिने हात वर केला. शाळेत करतात तसा. अकरा वर्षांत चार अनोळखी माणसांसमोर तिला असं पुढे येताना मी पाहिलं नव्हतं.

तुमच्याकडे सांगण्यासारखं खूप होतं. माहितीची वही तुमच्या हातात उघडी होती. तुम्ही वही मिटलीत, तिच्यासमोर खाली दगडावर बसलात आणि म्हणालात, "सांगा आजी."

आधी ती माझ्याकडे बघून बोलत होती, मग तुमच्याकडे, मग सगळ्यांकडे. तिचे वडील मोट हाकायचे आणि आठ-नऊ वर्षांची ती बैलांमागे धावेवर असायची. धाव म्हणजे विहिरीपासून खाली जाणारा तो उतार. बैल उताराला चालले की मोट वर येते. गडी नाड्यावर, म्हणजे जाड दोरावर, बसतो, त्याचंही वजन लागतं. मग बैल मागं सरत सरत वर येतात आणि मोट खाली पाण्यात. "बैलाला मागं चालायला शिकवायचं लई अवघड," ती म्हणाली. तिने पदराचा झोळ करून मोट केली, एक टोक लांब ओढून त्याची सोंड केली. मोट काठाशी आली की सोंडेतून पाणी थारोळ्यात, म्हणजे काठावरच्या कुंडीत, थारोळ्यातून पाटात. हात पुढे-मागे होत होते. तुम्ही मध्येच विचारलंत, "बारीक दोराला काय म्हणायचे तुमच्याकडे?" ती म्हणाली, "सोंदूर." तुम्ही पुन्हा वही उघडलीत आणि तो शब्द तिला परत म्हणायला लावून लिहून घेतलात. मग कणा, म्हणजे सोंदूर ज्यावरून सरकतो तो आडवा रूळ, मग थारोळं, मग नाडा.

आणि मग तिने ते विचारलं, जे माझ्या मनातून अजून जात नाही. "बारा मोटा म्हंजी चोवीस बैलं. त्येबी एका पाळीची. दुपारला बदली लागत्यात. म्हंजी पन्नासाला टेकली. एवढ्यांची वैरण कुठनं येत असंल? आन् बारा मोटांचं कातडं? बारा नाडं कोन वळत असंल?"

तुम्ही काही क्षण बोललाच नाहीत. मग म्हणालात, "वीस वर्षं मी इथे माणसं आणतोय. महालाबद्दल विचारतात, सिंहासनाबद्दल विचारतात. वैरणीचं आजवर कोणी विचारलं नव्हतं." ते तुम्ही तिला बरं वाटावं म्हणून म्हणाला नव्हतात. तसं असतं तर मला कळलं असतं, म्हाताऱ्या माणसाशी बोलताना लोकांचा आवाज कसा लाडिक होतो ते मी रोज ऐकते. तुम्ही खरोखर विचारात पडला होतात. त्यानंतर दहा मिनिटं तुम्ही आणि ती कडबा, ढोरांचं पाणी, आणि एका जोडीने दिवसाकाठी किती वेळ मोट ओढायची, यावर बोलत होतात. बाकीचे सगळे भोवती उभे राहून ऐकत होते. सकाळी हसलेला तो तरुण रेकॉर्डिंग करत होता.

विहिरीत उतरताना त्यानेच आईचा हात धरला.

माहुलीला कृष्णा-वेण्णेच्या संगमावर तुम्ही शाहू महाराजांच्या कुत्र्याची समाधी दाखवलीत, रामशास्त्री प्रभुण्यांचं हे गाव, असं सांगितलंत. मी अर्धंच ऐकलं. आई घाटावर पाय सोडून बसली होती आणि प्राध्यापक बाई तिला मोटेवरच्या गाण्यांबद्दल विचारत होत्या. दोन ओळी तिला आठवल्या. वडिलांच्या आवाजात म्हणून दाखवल्या. बहात्तरच्या दुष्काळात तिची माहेरची विहीर आटली, बैल विकले गेले, पुढे पाऊस आला तेव्हा इंजिनही आलं आणि मोट गोठ्याच्या आढ्याला लटकून राहिली, हे मला त्या संध्याकाळी पहिल्यांदा कळलं. पन्नास वर्षांची होईपर्यंत मी तिला कधी विचारलंच नव्हतं.

गुरुजी, तुम्ही आम्हाला पाच गावं दाखवलीत, त्याचे पैसे आम्ही दिले. वही मिटून तुम्ही खाली बसलात ते मात्र त्यात नव्हतं. नऊच माणसं असल्यामुळे तिचा हात तुम्हाला दिसला, हे खरं. पण हात दिसल्यावर आपलं बोलणं थांबवणारी माणसं मी फार पाहिलेली नाहीत. चाळीस वर्षं वर्गात मुलांचे हात बघितल्यामुळे तुम्हाला ते जमत असेल.

गेल्या आठवड्यात तुमचा फोन आला. आता लिंबला प्रत्येक गटाला तुम्ही वैरणीचा प्रश्न विचारता आणि "हा प्रश्न खटावच्या एका आजींनी विचारला होता" असं सांगता, हे ऐकून मी फोन स्पीकरवर टाकला. आई काही बोलली नाही. रात्री जेवताना माझ्या मुलाला म्हणाली, "वाईला सगळं लिवून ठेवत्यात. आता माजंबी गुरुजींच्या वहीत हाय."

तिने एक निरोप दिलाय, तो जसाच्या तसा कळवते. नाडा मोटेच्या तोंडाला, तो वरच्या चाकावरून येतो. सोंदूर सोंडेला, तो खालच्या कण्यावरून. त्या दिवशी बोलण्याच्या भरात तिने एकदा उलटं सांगितलं, असं तिला रात्री झोपताना आठवलं. वहीत उलटं लिहिलं गेलं असेल तर तेवढं दुरुस्त करा.

आपली कृतज्ञ,
हिरव्या लुगड्यातल्या आजींची मुलगी