साखर काढली, पण तिचे काम कोण करणार?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गूळ घालून केलेले घरचे टोमॅटो केचप हल्ली सर्रास ‘शुगर फ्री’ म्हणून सांगितले जाते. प्रदर्शनांत विकायला ठेवलेल्या बाटल्यांवरही तसे छापलेले असते. आपल्याकडच्या अन्नसुरक्षा नियमांप्रमाणे ‘शुगर फ्री’ म्हणायचे तर १०० ग्रॅममध्ये अर्ध्या ग्रॅमपेक्षा जास्त साखर चालत नाही. नुसत्या ताज्या टोमॅटोतच ती अडीच ग्रॅमच्या आसपास असते, आणि गूळ म्हणजे बहुतांशी साखरच. त्यातल्या लोहाचे कौतुक चमचाभर केचपपुरते तरी नको. बिनसाखरेचे केचप होतच नाही. वरून साखर किंवा गूळ न घालता मात्र ते उत्तम होते, फक्त साखर तिथे काय काम करत होती ते आधी समजून घ्यायला हवे.

विकतच्या केचपमध्ये १०० ग्रॅमला साधारण २० ते २५ ग्रॅम साखर असते. ती टोमॅटोचा आंबटपणा झाकते, रसाला दाटपणा आणि चकाकी देते, शिवाय पाणी धरून ठेवते, त्यामुळे बुरशी आणि यीस्टला ते सहज मिळत नाही. साखर गेली की ही सगळी कामे जास्त आटवणे, पुरेसा आंबटपणा आणि फ्रिज यांच्यावर येतात. यातले एक जरी सोडले तरी आठवड्याभरात बाटली फसफसते.

दोन किलो टोमॅटोला १०० ग्रॅम कांदा, लसणाच्या सहा पाकळ्या, बिया काढलेला ५० ग्रॅम मऊ खजूर, ६० मिली व्हिनेगर, दोन चमचे मीठ आणि रंगापुरते बेडगी मिरचीचे तिखट. पुरचुंडीत इंचभर दालचिनी, वरचे फूल काढलेल्या चार लवंगा, आठ मिरे आणि अर्धा चमचा जिरे. मसाल्याची पूड नको, केचप काळपट होते. यातून सुमारे अर्धा किलो केचप मिळते. टोमॅटोची आणि खजुराची मिळून त्यात १०० ग्रॅमला साधारण १६ ग्रॅम साखर येते. वरून आलेली, म्हणजे खजुराची, त्यातली जेमतेम सहा-सात ग्रॅम. मधुमेह असलेल्यांनी हा आकडा लक्षात ठेवूनच चमचा बुडवावा.

नारायणगावकडून येणारा माल वाहतुकीत टिकावा म्हणून बराचसा अर्धवट रंगावर तोडलेला असतो. मंडईतून आणला की लगेच फ्रिजमध्ये टाकू नये, थंडीत पिकणे थांबते. ओट्यावर दोन-तीन दिवस ठेवून पूर्ण लाल होऊ द्यावा. लांबट, जाड गराचे आणि कमी रसाचे टोमॅटो घेतले तर गॅसही वाचतो. देठाकडचा हिरवा-पिवळा भाग कापून टाकावा. बुरशीचा ठिपका दिसला तर तो टोमॅटोच बाद.

बहुतेकांचे केचप बिघडते ते पुढच्या पायरीला. टोमॅटो कच्चेच मिक्सरमधून काढतात आणि मग म्हणतात, केचप पाणी सोडते. टोमॅटो चिरला किंवा वाटला की त्यातली विकरे लगेच पेक्टिन तोडू लागतात, आणि दाटपणा तर पेक्टिनवरच असतो. म्हणून जाड बुडाचे रुंद स्टीलचे पातेले आधी तापवावे, टोमॅटो थोडे थोडे चिरून थेट त्यात टाकावेत आणि मोठ्या आचेवर भराभर उकळी आणावी. पाणी अजिबात घालू नये. कांदा-लसूण सोबतच. लोखंडी कढई वापरू नये, आंबटाने रंगही जातो आणि चवही.

पंधरा-वीस मिनिटांत सगळे मऊ झाले की पुरणयंत्रातून काढावे. साले अडकतात, पण काही बिया निसटतात, म्हणून पुन्हा बारीक चाळणीतून गाळावे. हे टाळण्यासाठी बियांसकट मिक्सर फिरवला तर कडवटपणा येतो. त्याच गरम रसातला वाटीभर घेऊन खजूर अर्धा तास भिजवावा आणि गुळगुळीत वाटावा.

गाळलेला रस पुरचुंडीसह आटवायला ठेवावा. रुंद भांडे यासाठीच की पाणी लवकर जावे. उंच पातेल्यात दोन तास रटरटले तर लाल रंगाचा विटकरी होतो. निम्मे आटल्यावर खजूर आणि तिखट घालावे. आधी घातले तर खजूर बुडाला धरतो. आता आच मंद ठेवून सतत हलवावे. वर जाळी ठेवली तर हात वाचतात, शिंतोडे फार भाजतात.

झाले की नाही हे बघायला गार स्टीलच्या ताटलीत चमचाभर टाकून दोन मिनिटे थांबावे. कडेने पाण्याची रेघ सुटली तर अजून आटवायचे. अशा वेळी कॉर्नफ्लोअर लावायचा मोह होतो; आंबटात त्याची पकड सैल पडते आणि चार दिवसांत वर पाणी तरंगते. गाजर, बीट, लाल भोपळा घालून गोडवा आणि रंग आणणेही टाळावे, त्याने आंबटपणा विरळ होतो आणि टिकाऊपणा तिथेच संपतो. मीठ आणि व्हिनेगर अगदी शेवटी, कारण आटताना मिठाचा अंदाज चुकतो आणि व्हिनेगरचा आंबटपणा वाफेबरोबर काही प्रमाणात उडतो. आंबट लागते म्हणून व्हिनेगर कमी करू नये, हवे तर दोन खजूर वाढवावेत. पुरचुंडी घट्ट पिळून काढावी.

काचेच्या लहान बाटल्या दहा-पंधरा मिनिटे पाण्यात उकळून, कोरड्या करून, केचप गरम असतानाच वर बोटभर जागा सोडून भराव्यात. निवल्या की थेट फ्रिजमध्ये. तीन आठवड्यांत संपवावे, बाकीचे फ्रीझरमध्ये. पुण्यातल्या एप्रिल-मेमध्ये हे ओट्यावर ठेवायचे केचप नव्हे. झाकण फुगले, बुडबुडे दिसले किंवा आंबूस वास आला तर सगळी बाटली फेकावी. वरची बुरशी काढून खालचे खाऊ नये.

टिकवण्यासाठी सोडियम बेन्झोएटची ‘चिमूट’ घाला, असा सल्लाही फिरतो. केचपमध्ये त्याची मर्यादा किलोला ७५० मिलिग्रॅम आहे. म्हणजे वर सांगितलेल्या अर्ध्या किलोला फार तर पाऊण ग्रॅमचा निम्मा भाग, आणि घरच्या काट्यावर तो मोजता येत नाही. त्यापेक्षा बाटल्याच लहान घ्याव्यात.

आपले,
दोन वाचक, पुणे