मॉलमधला रस्ता कोणाचा?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

एखादा मॉल ओस पडू लागला की त्याचे खापर ऑनलाइन खरेदीवर फोडून मोकळे व्हायचे, अशी आपल्याकडे पद्धतच पडली आहे. कोल्हापुरातल्या अशाच एका मॉलमध्ये, दुसऱ्या मजल्यावर, १६० चौरस फुटांचा एक गाळा माझ्या नावावर आहे. २०११ मध्ये निवृत्तीच्या पैशांतून तो घेतला. तेव्हापासून त्या इमारतीचा चढ आणि उतार मी दर महिन्याच्या मेंटेनन्सच्या बिलातून पाहत आलो आहे, म्हणून या निदानाबद्दल चार शब्द लिहीत आहे.

सुरुवातीची दोन-तीन वर्षे खरोखरच भरभराटीची होती. तळमजल्यावर किराणा-कपड्यांचे मोठे दुकान, वर मल्टिप्लेक्स, आणि मे महिन्यात तर केवळ गार हवा खायला येणाऱ्यांचीच निम्मी गर्दी असे. अंबाबाईचे दर्शन आटोपून गावाकडची कुटुंबे मुलांना मॉल दाखवायला आणत. सरकत्या जिन्याच्या तोंडाशी एखादी आजी नऊवारीचा काठ आवरून दोन पायऱ्या तशाच पुढे जाऊ देई, तिसरीला धीर करून पाय टाकी आणि वर पोहोचल्यावर पदराने घाम पुशी. मुंबईत १९९९ मध्ये क्रॉसरोड्स हा मॉल सुरू झाला तेव्हा क्रेडिट कार्ड किंवा मोबाइल दाखवणाऱ्यालाच आत फुकट प्रवेश मिळे; आमच्या दारावर तसले काही नव्हते, याचा मला अजूनही अभिमान वाटतो.

आता ऑनलाइनच्या आरोपाकडे येतो. खेड्यापाड्यांतल्या हातांत स्वस्त इंटरनेट आले ते सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ सुरू झाल्यानंतर. आमच्या मजल्यावरचे पहिले शटर त्याच्या दोन वर्षे आधीच कायमचे खाली आले होते. शिवाय जो मोबाइल मॉलच्या गिऱ्हाइकाच्या खिशात आहे तोच महाद्वार रोडवरच्या गिऱ्हाइकाच्याही खिशात आहे, तरी दिवाळीच्या आठवड्यात महाद्वार रोडला पाय ठेवायला जागा नसते, गुजरीत सराफांकडे बसायला खुर्ची मिळत नाही आणि लक्ष्मीपुरीचा रविवारचा बाजार ठरल्यासारखा भरतो. ऑनलाइनने मॉलला मारले असे म्हणायचे, तर मग या पेठा कशा तगल्या, याचेही उत्तर द्यावे लागेल.

माझ्या मते खरे कारण इमारतीच्या विक्रीतच होते. बांधणाऱ्याने मॉल स्वतःकडे ठेवून भाड्याने चालवला नाही, तर दोनशेच्या आसपास गाळे पाडून ते एकेकाला विकून टाकले आणि तो पुढच्या प्रकल्पाकडे वळला. पुण्यात विमाननगरला २०११ मध्येच सुरू झालेले फिनिक्स मार्केटसिटी एका मालकाकडे आहे. कोणत्या मजल्यावर चपलांचे दुकान असावे, कोणाचे भाडे दोन वर्षे कमी घ्यावे, कोणाला निरोप द्यावा, हे तिथे एकच व्यवस्थापन ठरवते. आमच्याकडे शेजारच्या गाळ्यात एका वर्षी मोबाइलची कव्हरे होती, दुसऱ्या वर्षी टॅटूवाला आला, तिसऱ्या वर्षी स्पर्धा परीक्षेचा क्लास. मालकाला भाडे हवे होते, त्यामुळे जो आला त्याला त्याने गाळा दिला. त्याला दोष तरी कसा द्यावा, मीही तेच केले.

त्यातच तळमजल्यावरचे मोठे दुकान उठले. गर्दी खेचून आणणारे दुकान गेले की वरच्या मजल्यांचे पाय कापले जातात, हे तेव्हा कळले. मग कोरोना आला. मल्टिप्लेक्स मार्च २०२० मध्ये बंद झाले, नोव्हेंबरमध्ये निम्म्या खुर्च्यांवर सुरू झाले, पुढच्या एप्रिलमध्ये पुन्हा बंद झाले आणि २२ ऑक्टोबर २०२१ पर्यंत उघडले नाही. तेवढ्यात उरलेले भाडेकरूही गेले.

इथे पेठ आणि मॉल यांतला फरक मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. शाहू महाराजांनी १८९५ मध्ये शाहूपुरी वसवली तेव्हा दुकान व्यापाऱ्याचे आणि रस्ता सार्वजनिक, अशी विभागणी आपोआपच होती, आणि आजही महाद्वार रोडवर एक दुकान बंद पडले म्हणून शेजारच्या दुकानावर अंधार पसरत नाही, कारण रस्त्यावरचा दिवा महापालिकेचा असतो. मॉलमध्ये रस्ताच इमारतीच्या आत असतो. तिथला दिवा, जिना, लिफ्ट, जनरेटर, वातानुकूलन, स्वच्छतागृह, सगळे मेंटेनन्सच्या पैशांवर चालते. दोनशेंपैकी साठ जणांनी बिल थकवले की उरलेल्या एकशे चाळीस जणांवर भार वाढतो, त्यांतले आणखी तीस जण हात वर करतात, आणि मग काटकसर म्हणून पहिल्यांदा सरकता जिना बंद होतो. आज तो साध्या जिन्यासारखा चढावा लागतो. त्याच्या पायऱ्या घरच्या जिन्यापेक्षा उंच असल्यामुळे माझ्या वयाच्या माणसाचा पाय दर वेळी अडखळतो. वर छतातून ठिबकणाऱ्या पाण्याखाली रंगाचा एक रिकामा डबा ठेवलेला आहे, आणि तो भरला की रखवालदार तो बंद फूड कोर्टच्या मोरीत ओततो.

हे दुखणे केवळ कोल्हापूरचे नाही. नाइट फ्रँक या मालमत्ता सल्लागार संस्थेने देशातील आठ मोठ्या शहरांत ४० टक्क्यांहून अधिक जागा रिकामी असलेले मॉल मोजले, तेव्हा २०२२ मध्ये ते ५७ होते आणि २०२३ मध्ये ६४ झाले. आमचे शहर त्या मोजणीत नव्हते, एवढेच.

राहता राहिला उपायाचा प्रश्न. गाळेधारकांनी एकत्र येऊन इमारत एकाच व्यवस्थापनाकडे भाड्याने द्यावी, असे अनेकदा ठरले. पण आमची सोसायटीच आजतागायत नोंदलेली नाही आणि जमीन अजून बांधणाऱ्याच्या नावावर आहे, त्यामुळे कोणतीही कंपनी करार करायला तयार होत नाही. वास्तविक १९६३ च्या महाराष्ट्र मालकी हक्क सदनिका कायद्याच्या व्याख्येत दुकानाचाही समावेश आहे, आणि बांधणाऱ्याने टाळाटाळ केल्यास २००८ च्या दुरुस्तीने मानीव अभिहस्तांतरणाचा, म्हणजे त्याच्या सहीवाचून जमीन आणि इमारत सोसायटीच्या नावावर करून घेण्याचा, मार्गही खुला केला आहे. परंतु या विषयाची जी काही जागृती होते ती राहत्या घरांच्या सोसायट्यांपुरतीच होते, आणि गाळेधारकाला आपल्यालाही हा हक्क आहे हेच ठाऊक नसते. मला स्वतःला ते दहाव्या वर्षी एका वकील मित्राकडून कळले.

म्हणून जिल्हा उपनिबंधक, सहकारी संस्था यांच्या कार्यालयाने व्यापारी संकुलांतील गाळेधारकांसाठी स्वतंत्र शिबिर घ्यावे, अशी आपल्या दैनिकामार्फत विनंती आहे. तसेच शहरात नव्या संकुलांची बांधकामे चालू असल्याने, भोगवटा प्रमाणपत्र देण्यापूर्वी सामाईक जागेची देखभाल कोण व कोणत्या पैशांतून करणार याचे लेखी उत्तर विकासकाकडून घेता येईल का, हे महापालिकेने तपासावे. आमच्या इमारतीला त्याचा उपयोग होणार नाही. या महिन्याचे बिल काल हाती आले. त्यात वातानुकूलनाची रक्कम आहे, मात्र यंत्र तीन उन्हाळे बंद आहे.

आपला,
एक गाळेधारक, राजारामपुरी, कोल्हापूर