अर्थमंत्र्यांना खुले पत्र: काच एकदा फुटली, हप्ता पाच वर्षं फुगला

मा. केंद्रीय अर्थमंत्री,
भारत सरकार, नवी दिल्ली

महोदया,

सविनय नमस्कार.

मंगळवारी सकाळी माझ्या गाडीच्या विम्याच्या नूतनीकरणाची नोटीस मोबाइलवर आली. एनसीबीच्या, म्हणजे क्लेम न केल्याबद्दल हप्त्यात मिळणाऱ्या सवलतीच्या, नो क्लेम बोनसच्या रकान्यात गेली कित्येक वर्षं ५० टक्के असायचे. यंदा तिथे शून्य आहे. पंधरा वर्षं मी विम्याचा हप्ता भरतोय. एकदाही चुकलेला नाही. जुनी गाडी विकली तेव्हा तिचा बोनस कागदपत्रं करून नव्या गाडीवर आणला, कारण बोनस गाडीचा नसतो, मालकाचा असतो, हे मला तेव्हाच सांगितलं गेलं होतं. या पंधरा वर्षांत मी एकच क्लेम केला, तोही गेल्या वर्षी, पुढच्या काचेचा. कोणाला धडक दिली नव्हती, सिग्नल तोडला नव्हता. माझ्या पुढे खडीने भरलेला डंपर चालला होता, त्यावर ताडपत्री नव्हती, एक खडा उडाला आणि काचेवर लागला. एवढाच माझा गुन्हा.

क्लेम करण्याआधी मी एजंटला दोनदा विचारलं होतं. तो म्हणाला, "साहेब, काचेला डेप्रिसिएशन नाही, पूर्ण पैसे मिळतात, बिनधास्त करा." यातलं निम्मं खरं आहे. पॉलिसीत रबर, प्लॅस्टिक, टायर आणि बॅटरीवर ५० टक्के घसारा, म्हणजे वापरामुळे उतरलेली किंमत, कापतात, फायबरग्लासवर ३० टक्के, आणि काचेवर शून्य. उरलेलं निम्मं त्याने सांगितलं नाही. पुढच्या वर्षीच्या हप्त्यात काय होईल ते त्याने सांगितलं नाही, कंपनीच्या हेल्पलाइनवरच्या मुलीने सांगितलं नाही, गाडी पाहायला आलेल्या सर्व्हेअरने सांगितलं नाही, आणि ज्या क्लेम फॉर्मवर मी चार ठिकाणी सह्या केल्या त्यावरही मला ते कुठे दिसलं नाही.

आता हिशोब पाहा. सोपा व्हावा म्हणून माझ्या गाडीच्या स्वतःच्या नुकसानीचा, म्हणजे ओन डॅमेजचा, मूळ हप्ता १२,००० रुपये धरतो. बोनस फक्त याच भागावर मिळतो. पहिल्या क्लेमविरहित वर्षानंतर २० टक्के, मग २५, ३५, ४५ आणि पाचव्या वर्षानंतर ५०. एक क्लेम केला की शिडीवरून थेट जमिनीवर. मी ५० वर होतो, म्हणजे यंदा ५० टक्के गेले. पुढच्या वर्षी २० मिळतील, पण ५० मिळाले असते, म्हणजे ३० गेले. त्यापुढे २५, मग १५, मग ५. बेरीज करा: १२५ टक्के. एका काचेपायी मी सव्वा वर्षाचा मूळ हप्ता जास्तीचा भरणार. १२,००० वर ते १५,००० होतात आणि त्यावर तुमचा १८ टक्के जीएसटी, म्हणजे १७,७००. गाडीची विमा किंमत दरवर्षी उतरते म्हणून हा आकडा थोडा खाली येईल, सोळा हजारांच्या आसपास धरा.

आणि मिळाले किती? काच बसवण्याचं बिल ९,८०० रुपये. त्यातून सक्तीची वजावट, म्हणजे प्रत्येक क्लेममध्ये आपण स्वतः सोसायची ठरलेली रक्कम, १,००० गेली, माझी गाडी १५०० सीसीच्या आतली आहे म्हणून. मोठी असती तर २,००० गेले असते. रबरी बीडिंगवर घसारा कापला, सीलंट "कन्झ्युमेबल", म्हणजे वापरून संपणारी वस्तू, म्हणून नाकारलं, असे आणखी ७५० गेले. हातात आले ८,०५०. आठ हजार घेतले आणि सोळा हजार द्यायचे. विम्याचं कार्ड खिशातच ठेवून मी सरळ पदरचे ९,८०० मोजले असते, तर आज सात-आठ हजारांनी बरा असतो. ज्या संरक्षणाचा मी पंधरा वर्षं हप्ता भरला ते वापरणं माझ्या तोट्याचं ठरतं, तर मी विकत काय घेत होतो? मी कंपनीला लेखी विचारलं. दोन ओळींचं उत्तर आलं: नियमानुसार योग्य आहे.

नियमानुसार आहेच. म्हणून तर हे पत्र कंपनीला नाही, तुम्हाला आहे.

पैशांचं सोडा असं म्हणणार नाही, पैसे सोडण्याइतके माझ्याकडे नाहीत. पण पैशांपेक्षा जास्त लागलेली गोष्ट सांगतो. खडा लागला त्या दिवशी काचेला फक्त टवका उडाला होता, एक रुपयाच्या नाण्याहून लहान. गॅरेजवाल्याने सांगितलं की टवका छोटा आहे, चालकाच्या नजरेसमोर नाही, रेझिन भरून थांबवता येईल, पण लगेच करा. त्यात धूळ आणि पाणी गेलं की रेझिन धरत नाही. मी थांबलो. कारण ओळखीतल्या एकाने सांगितलं होतं की इतक्या छोट्या कामासाठी क्लेम करू नको, बोनस जाईल. म्हणजे पुढे काय होणार याची कुजबुज माझ्या कानावर आली होती, आणि एजंटच्या शब्दावर विसंबून नंतर मी तीच चूक मोठ्या रकमेसाठी केली. टवका तसाच राहिला. मे महिन्यात उन्हात तापलेल्या गाडीत बसून एसी सुरू केला, गार हवा काचेवर लागली आणि माझ्या डोळ्यांदेखत त्या टवक्यातून तडा निघून काचेच्या कडेपर्यंत गेला. आवाजसुद्धा झाला नाही.

त्यानंतर सात आठवडे मी त्या काचेतून गाडी चालवली. क्लेम करू की नको, या एका प्रश्नापायी सात आठवडे. आईच्या डोळ्यांच्या तपासणीला जायचं असायचं, परतताना अंधार व्हायचा. समोरून येणाऱ्या गाडीचा दिवा त्या तड्यावर पडला की एका दिव्याचे तीन दिवे दिसायचे आणि त्यांच्या मधली जागा दिसायचीच नाही. एका रात्री त्याच जागेत एक सायकलवाला होता. मला तो दिसला तेव्हा अंतर किती उरलं होतं ते मी कोणाला सांगितलेलं नाही, आणि इथेही सांगणार नाही. ब्रेक लागला, तो वाचला, शिवी देऊन गेला. आई शेजारच्या सीटवर होती. घरी येईपर्यंत काही बोलली नाही. जिना चढताना एवढंच म्हणाली, "अरे, काच बदलून घे ना. पैसे मी देते." बहात्तर वर्षांची आई, पेन्शनमधून. दुसऱ्या दिवशी मी क्लेम टाकला. आई तेव्हापासून पुढच्या सीटवर बसत नाही, नवी काच लागून वर्ष होत आलं तरी.

पुढची काच म्हणजे वारा अडवणारा पडदा नाही, हे तुमच्या विमा नियामकाला मी सांगायला नको. दोन काचांच्या मध्ये प्लॅस्टिकचा पातळ थर देऊन ती बनवतात, म्हणून ती फुटली तरी अंगावर येत नाही. गाडी उलटली तर छताचा भार पेलायला ती मदत करते. शेजारच्या प्रवाशाची एअरबॅग उघडताना तिचाच आधार घेते. काच पारदर्शक किती असावी याची मोजमापं सरकारनेच घालून दिली आहेत, पुढच्या-मागच्या काचेतून निदान ७० टक्के आणि बाजूच्या काचांतून ५० टक्के प्रकाश आत आला पाहिजे. २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने काचेवरच्या काळ्या फिल्म काढायला लावल्या, कारण दिसलं पाहिजे. मग तडा गेलेल्या काचेतून काय दिसतं? काच वेळेत दुरुस्त करणाऱ्या माणसाला पाच वर्षं जास्त पैसे भरायला लावणारा नियम त्याच सरकारच्या देखरेखीखाली कसा चालतो?

कंपन्यांची बाजू मला ठाऊक आहे. बारीकसारीक क्लेम फार येतात, प्रत्येक फाइलचा खर्च असतो, सर्व्हेअरला पाठवावं लागतं, आणि शेवटी तो बोजा सगळ्यांच्या हप्त्यावर पडतो. छोट्या क्लेमना आळा बसावा म्हणूनच बोनस आहे. ठीक आहे. पण मग टवका असतानाच काही शे रुपयांत भरून देणं कंपनीच्याही फायद्याचं नाही का? तो भरला असता तर ९,८०० चं बिल आलंच नसतं. आज बोनसच्या भीतीने लोक टवका झाकून ठेवतात आणि पूर्ण काच गेल्यावर क्लेम करतात. म्हणजे ज्या खर्चाची कंपनीला काळजी आहे तो हाच नियम वाढवतो. नव्या गाड्यांत तर काचेमागे कॅमेरा बसवलेला असतो, काच बदलली की तो पुन्हा जुळवून घ्यावा लागतो, त्याचं बिल वेगळं. हा प्रश्न दरवर्षी महाग होत जाणार आहे.

बाहेर काय करतात? फ्रान्समध्ये काच फुटल्याच्या क्लेमने बोनस-मालसचा, म्हणजे क्लेमप्रमाणे हप्ता कमी-जास्त करणारा, गुणांक हलत नाही. जर्मनीत काचेचं नुकसान टाइलकास्को या अंशतः विम्यातून मिळतं आणि क्लेमविरहित वर्षांच्या श्रेणीला धक्का लागत नाही. ब्रिटनमध्ये बहुतेक पॉलिसींत काचेमुळे नो क्लेम बोनस जात नाही. अमेरिकेत फ्लोरिडा, केंटकी आणि साउथ कॅरोलायना या राज्यांत कॉम्प्रिहेन्सिव्ह, म्हणजे धडकेशिवायच्या नुकसानीचा, विमा असलेल्याकडून पुढच्या काचेसाठी वजावट घेता येत नाही, तसा कायदाच आहे. फ्लोरिडात त्याचा गैरफायदा घेणारे निघाले, काचवाल्यांनी ग्राहकांचे हक्क आपल्या नावावर करून घेऊन खटल्यांचा पाऊस पाडला. तेव्हा २०२३ मध्ये तिथे तो हस्तांतराचा रस्ता कायद्याने बंद केला. ग्राहकाची सवलत मात्र काढली नाही. आपल्याकडे लबाडाच्या भीतीने आधी सरळ माणसाचंच मानगूट धरतात.

आपल्याकडे यावर तोडगा आहे म्हणे. बोनस राखण्याचं अॅड-ऑन घ्या, एनसीबी प्रोटेक्ट. म्हणजे विमा वापरता यावा म्हणून विम्याचा आणखी एक विमा, आणि त्यावरही १८ टक्के जीएसटी. २२ सप्टेंबर २०२५ पासून वैयक्तिक आयुर्विमा आणि आरोग्य विम्यावरचा जीएसटी शून्य झाला, त्याबद्दल मनापासून आभार. पण गाडीचा विमा १८ टक्क्यांवरच राहिला. तृतीय पक्षाचा, म्हणजे आपल्या गाडीने दुसऱ्याच्या केलेल्या नुकसानीचा, विमा १९८८ च्या मोटार वाहन कायद्याने सक्तीचा आहे. कायदा सांगतो घ्या, आणि घेतला की कर द्या.

कर किती द्यायचा माणसाने? गाडी घेताना रोड टॅक्स, पेट्रोलमध्ये रस्त्यांचा उपकर, नाक्यावर फास्टॅग. हे सगळं चांगल्या, सुरक्षित रस्त्यासाठी घेतलेलं असतं. त्या रस्त्यावर उघडी खडी घेऊन डंपर धावतो. २०१९ च्या सुधारणेनंतर जादा भार वाहण्याला २०,००० रुपये आणि वरच्या प्रत्येक टनाला २,००० दंड आहे. तरी ज्याला हवं त्याने महामार्गावर तासभर उभं राहून डंपर मोजावेत. त्या खड्याचा मालक कोण? डंपरवाला निघून गेला. ठेकेदार म्हणणार सिद्ध करा. रस्ता एका मंत्रालयाचा, पोलीस राज्याचे, विमा तुमच्या खात्याचा. फिरत फिरत खडा पुन्हा माझ्याच ताटात येतो, कारण या साखळीत ज्याचा पत्ता, पॅन आणि बँक खातं सगळ्यांकडे आहे असा मीच एकटा.

२०४७ पर्यंत प्रत्येकाला विमा, असं विमा नियामक सांगतो. २०२५ च्या अर्थसंकल्पात तुम्ही विमा कंपन्यांत १०० टक्के परकीय गुंतवणुकीची घोषणा केलीत. भांडवल येईल, कंपन्या येतील. आज ज्याच्याकडे पॉलिसी आहे त्याने ती कधी उघडायची, हे कोण सांगणार? १९९९ च्या ज्या कायद्याने आयआरडीएआय ही विमा नियामक संस्था उभी राहिली, त्याच्या पहिल्याच वाक्यात विमाधारकांच्या हिताचं रक्षण लिहिलं आहे. विमा लोकपालाकडे जा म्हणाल, तर तो पॉलिसीतली अट पाहणार, आणि दुखणं त्या अटीतच आहे. ती अट बदलणं माझ्या हातात नाही. तुमच्या खात्याच्या आणि नियामकाच्या हातात आहे. ओन डॅमेजचे दर २००७ पासून मोकळे आहेत, कंपन्या ते स्वतः ठरवतात, गेल्या इतक्या वर्षांत काचेला बोनसमधून वगळण्याची पद्धत सरसकट करायला कोणाचा हात धरला होता?

माझी मागणी मोठी नाही. वर्षातून एक काचेचा क्लेम बोनसला धक्का न लावता मिळावा, वेगळं अॅड-ऑन न घेता. टवका भरण्याच्या कामाला सक्तीची वजावट लागू नये. आणि क्लेम फॉर्मवर, सहीच्या वर, ठळक अक्षरांत आणि रुपयांत लिहिलेलं असावं की हा क्लेम घेतलात तर तुमच्या पुढच्या पाच वर्षांच्या हप्त्यात इतकी वाढ होईल. टक्क्यांत नको, रुपयांत हवं. तो आकडा कंपनीच्या संगणकात असतोच. नोटीस काढताना त्यांना तो क्षणात सापडला.

माझी पॉलिसी या महिन्याच्या २८ तारखेला संपते. मी ती मुदतीत भरणार आहे, विम्याशिवाय गाडी रस्त्यावर काढणं मला पटत नाही. नूतनीकरणाची नोटीस, सर्व्हेअरचा अहवाल, काचेचं बिल आणि कंपनीचं दोन ओळींचं उत्तर यांच्या प्रती या पत्रासोबत टपालाने पाठवत आहे. उत्तर कोणत्या खात्याकडून येईल तेवढं तरी कळवावं.

आपला,
एक विमाधारक