पाठमोरा मोन्सेन

ओस्लो,
रविवार रात्र

प्रिय विज्या,

तिकडच्या टीव्हीवर कुणाला बघतेस, असं तू विचारलंयस. एकच नाव सांगते, लार्स मोन्सेन, रानावनात भटकणारा आणि ती भटकंती टीव्हीवर दाखवणारा. इथे त्याला शेंबडं पोरही ओळखतं, नॉर्वेबाहेर मात्र फारसं कुणी नाही. जन्म १९६३ चा, आधी शाळेत शिकवायचा, मग रानात गेला तो रानातच रमला. कॅनडा आडवा पार करायला त्याला अडीच वर्षांहून जास्त लागली.

पण तू बघायलाच हवी ती २००७ ची 'नॉर्डकालोटन ३६५' ही मालिका. नॉर्वे, स्वीडन आणि फिनलंडचा उत्तर टोकाचा मुलूख, अख्खं वर्ष तंबूत, सोबतीला कुत्री. हिवाळ्यात तिथे कित्येक आठवडे सूर्य उगवतच नाही. आणि बरंचसं चित्रण त्याचं स्वतःचंच! आता विचार कर, तो पाठमोरा लांब लांब जाताना दिसतो तेव्हा कॅमेऱ्यामागे कुणीच नसतं. स्टँड रोवायचा, चालत जायचं, मग कॅमेरा घ्यायला पुन्हा मागे, आणि तीच वाट तिसऱ्यांदा. पाठीवर ओझं, पायाखाली बर्फ. हे कळल्यापासून मला ती पाठ बघताना भरून येतं. याला अभिनय म्हणत नसतील, पण एवढी मेहनत घेऊन पडद्यावर येणारा माणूस मी तरी दुसरा पाहिला नाही.

२०१० च्या 'इंगेन ग्रेन्सेर'मध्ये, म्हणजे 'सीमाच नाहीत', तो अपंग सोबत्यांना घेऊन डोंगरदऱ्यांतून चालला. त्यात व्हीलचेअरवरचेही होते. २०१८ मध्ये तर त्याची पायपीट टीव्हीने थेट दाखवली, आणि लोक घरं सोडून त्याच्याबरोबर चालायला गेले.

इथे १९५७ चा कायदाच आहे बघ: मोकळ्या रानात कुणीही तंबू ठोकावा, घरापासून दीडशे मीटर लांब, एका जागी दोन रात्री. कुणाला विचारायला नको.

परवा हरिश्चंद्रगडाचे आपले फोटो काढून बसले होते. कोकणकड्यावर आम्ही सगळे आहोत, तू एकातही नाहीस. कॅमेरा तुझ्याच हातात ना! तेव्हा माझ्या लक्षातही आलं नव्हतं.

जूनमध्ये ये. तंबू मी घेऊन ठेवलाय. स्टँड तेवढा तू आण, आणि या वेळी मागे परत मी जाईन.

तुझी,
माधवी